देह, सूर आणि एकेक चौकट

1957 साली माँट्रियलच्या एका स्टुडिओत एका साध्या खुर्चीने माणसाला आपल्यावर बसू द्यायला नकार दिला. माणूस हातात पुस्तक घेऊन येतो, बसायला जातो आणि खुर्ची बाजूला सरकते. तो तिला पकडू पाहतो, ती निसटते. तो धावतो, लोळतो, तिची मनधरणी करतो, तिच्यापुढे नाचतो. खुर्ची काही केल्या ऐकत नाही. शेवटी त्याच्या ध्यानात येते की तिलाही काही हवे आहे. तो तिला स्वतःवर बसू देतो, आणि मगच ती त्याला बसू देते. दहा मिनिटांच्या या चित्रपटात एकही शब्द उच्चारला जात नाही. बोलतात ती दोन शरीरे, एक माणसाचे आणि एक लाकडाचे. आणि त्या दोघांच्या मधोमध बोलते ती सतार.

ती सतार पंडित रविशंकरांची. तबला चतुरलाल यांचा. चित्रपटाचे नाव 'अ चेअरी टेल', दिग्दर्शक नॉर्मन मॅकलॅरन आणि क्लोद ज्यूत्रा. खुर्चीशी झगडणारा माणूस म्हणजे स्वतः ज्यूत्रा, आणि न दिसणाऱ्या दोऱ्यांनी खुर्चीत जीव ओतणारी इव्हलिन लॅम्बर्ट. पैसा कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डाचा, म्हणजे सरकारचा.

पुढच्या पंधरा वर्षांत मुंबईत जे घडले त्याची बरीचशी सामग्री या दहा मिनिटांत सापडते: शब्द टाकून दिलेला देह, त्याला चालवणारे संगीत, एकेक चौकट हाताने जोडण्याची चिकाटी आणि पगारावर काम करणारा कलावंत. भारतातल्या प्रायोगिक लघुपटाची गोष्ट सांगताना आपण बहुधा बंडखोरांना शोधू लागतो. पण या गोष्टीतली माणसे रोज सकाळी सरकारी कचेरीत जात होती. त्यांनी तिथे काय केले हे नीट सांगितले गेले पाहिजे, कारण त्या काळी मुंबईच्या चित्रकारांनी आणि कवींनी केलेल्या कामाइतकेच ते धाडसाचे होते.

नाचातून आलेले संगीत

रविशंकर आधी नर्तक होते, हे त्यांच्या सतारीच्या कीर्तीमुळे मागे पडते. 1930 साली, दहा वर्षांच्या वयात, ते थोरले बंधू उदयशंकर यांच्या संचाबरोबर पॅरिसला गेले आणि पुढची काही वर्षे त्यांनी युरोप-अमेरिकेच्या रंगमंचांवर नाच केला. वाद्ये वाजवायला ते त्या संचातच लागले. उस्ताद अल्लाउद्दीन खाँसाहेबांची पहिली शिकवणी त्यांना मिळाली तीही खाँसाहेब या संचाबरोबर दौऱ्यावर होते तेव्हा. 1938 साली त्यांनी नाच सोडला आणि खाँसाहेबांकडे शिकायला मैहरची वाट धरली. पण सम कुठे पडते हे त्यांच्या पायांना बोटांच्या आधी कळले होते. खुर्चीच्या उड्यांना सतारीने इतक्या सहज उत्तर द्यावे, यामागे ती जुनी तालीम आहे.

उदयशंकरांच्या या संचाचा संगीतकार आपल्याकडचा होता. विष्णुदास शिराली हे विष्णु दिगंबर पलुस्करांचे शिष्य. गांधर्व महाविद्यालयाच्या शिस्तीत वाढलेला हा तरुण पॅरिसला पोहोचला आणि नृत्यासाठी भारतीय वाद्यवृंद उभा करण्याच्या कामात गुंतला. 1948 साली उदयशंकरांनी 'कल्पना' हा चित्रपट काढला. संपूर्ण नृत्याच्या भाषेत रचलेल्या त्या चित्रपटाचे संगीत शिरालींचेच. 'कल्पना'त यंत्रे, मजूर, गर्दी यांच्या हालचालींचा नाच होतो, आणि तो नाच फक्त पडद्यावरच शक्य आहे, कारण त्याचा निम्मा ताल संकलनात आहे. चित्रपट धंद्यात चालला नाही. पण त्या संचातले लोक पुढे ज्या ज्या ठिकाणी गेले तिथे ही समज घेऊन गेले. शिराली स्वतः फिल्म्स डिव्हिजन या सरकारी चित्रपट संस्थेच्या माहितीपटांना संगीत देऊ लागले.

त्याच वाटेने आणखी एक माणूस आला. एल्चुरी विजय राघव राव, जन्म 1925, मद्रासचे. उदयशंकरांच्या संचात ते नर्तक म्हणून दाखल झाले, नंतर रविशंकरांचे शिष्य झाले आणि बासरीवादक म्हणून नावाजले गेले. 1950च्या दशकाच्या अखेरीला ते फिल्म्स डिव्हिजनचे संगीत दिग्दर्शक झाले आणि पुढची कित्येक वर्षे तिथेच राहिले. मृणाल सेनांच्या 'भुवन शोम'चे (1969) संगीत त्यांचे. पण ज्या कामासाठी त्यांचे नाव घेतले जायला हवे ते डिव्हिजनच्या पेडर रोडवरच्या ध्वनिमुद्रण कक्षातले, पाच-सात मिनिटांच्या लघुपटांसाठी केलेले. गुरू आणि शिष्य दोघेही एकाच नृत्यसंचातून वाद्याकडे वळलेले, हा योगायोग मला फार महत्त्वाचा वाटतो. पडद्यावर हलणाऱ्या शरीरासाठी संगीत रचताना लागणारी समज त्यांच्याकडे पुस्तकातून आलेली नव्हती.

सक्तीचा प्रेक्षक

फिल्म्स डिव्हिजन 1948 साली स्थापन झाले. त्याआधी युद्धकाळात इंग्रज सरकारने फिल्म अ‍ॅडव्हायझरी बोर्ड काढले होते, ज्याचे निर्मितीप्रमुख काही काळ व्ही. शांताराम होते. स्वतंत्र सरकारने तोच सांगाडा नव्या हेतूने उभारला. देशातल्या प्रत्येक चित्रपटगृहाने प्रत्येक खेळाआधी मान्यताप्राप्त माहितीपट किंवा वार्तापट दाखवलाच पाहिजे, असा परवान्याचा नियम होता. मर्यादा 2,000 फुटांची, म्हणजे साधारण 22 मिनिटांची. शिवाय त्याचे भाडेही चित्रपटगृहानेच भरायचे. धरणे, खते, लसी, पंचवार्षिक योजना आणि पंतप्रधानांचे दौरे या सगळ्याला एक धीरगंभीर आवाज निवेदन देत असे. 'फिल्म्स डिव्हिजन की भेंट' ही अक्षरे आणि त्या वेळी अंधारात आपली जागा शोधणारे प्रेक्षक, हे चित्र एका पिढीच्या आठवणीत पक्के आहे.

जगात इतका मोठा प्रेक्षकवर्ग फार थोड्या लघुपटकारांच्या वाट्याला आला असेल. पण त्या प्रेक्षकाशी बोलायचे कोणत्या भाषेत, हा प्रश्न होता. डिव्हिजनचे चित्रपट डझनाहून अधिक भाषांत काढावे लागत. निवेदन लिहायचे, त्याची भाषांतरे करायची, प्रत्येक भाषेत पुन्हा ध्वनिमुद्रण करायचे. निवेदक हा त्या यंत्रणेचा कणा होता आणि तिचे ओझेही. ज्या चित्रपटात निवेदनच नाही, ज्यात हालचाल आणि संगीत एवढेच आहे, तो मदुराईतही तसाच दाखवता येतो आणि मालेगावातही. निवेदन काढून टाकण्यामागे कलेची ओढ होतीच, पण बहुभाषिक देशाच्या पडद्यासाठी ते शहाणपणही होते. प्रयोग करणाऱ्यांना आपल्या बाजूने उभे करता येईल असा हा भक्कम मुद्दा होता, आणि त्यांनी केलेले चित्रपट पाहताना त्याचे बळ जाणवते.

तरीही अशा चित्रपटांसाठी कचेरीत कुणीतरी दार उघडे ठेवावे लागते. ते काम जाँ भावनगरी यांनी केले. जन्म मुंबईचा, वडील पारशी, आई फ्रेंच. ते चित्रपटकार होते, कुंभारकाम करत, जादूचे प्रयोगही करत. 1950च्या दशकात ते पॅरिसच्या युनेस्कोमधून काही वर्षांसाठी फिल्म्स डिव्हिजनमध्ये आले होते. त्या काळात त्यांनी पहाडी लघुचित्रांवरून 'राधा अँड कृष्ण' हा लघुपट केला. स्थिर चित्रांवर कॅमेरा फिरवून आणि संगीताच्या आधाराने त्यांनी त्यात रासलीलेला गती दिली. 1965 साली, इंदिरा गांधी माहिती व नभोवाणी मंत्री असताना, ते पुन्हा बोलावणे आल्यामुळे मुंबईत परतले आणि 1967 पर्यंत राहिले. वर्षे दोनच, पण डिव्हिजनचा इतिहास त्या दोन वर्षांच्या आधीचा आणि नंतरचा असा सरळ दोन भागांत मांडता येतो. त्यांनी तरुण दिग्दर्शकांना सांगितले की देशाविषयी तुम्हाला खरोखर जे दिसते ते दाखवा. एस. एन. एस. शास्त्री, के. एस. चारी, प्रमोद पती ही नावे याच काळात वर आली. बाहेरून दिग्दर्शक सुखदेव आले. आणि चित्रकारही आले.

पेडर रोडच्या आसपास

त्या काळच्या मुंबईचा नकाशा डोळ्यांपुढे आणला की पुढचे समजायला सोपे जाते. पेडर रोडवर फिल्म्स डिव्हिजन. तिथून जवळच, ब्रीच कँडीला समुद्राकाठी, भुलाभाई देसाई मेमोरियल इन्स्टिट्यूट. त्या बंगल्यात हुसेन आणि गायतोंडे चित्रे काढत, गच्चीवर इब्राहिम अल्काझींची नाटके होत, आणि 1962 साली रविशंकरांनी मुंबईत काढलेल्या 'किन्नर' या संगीतशाळेचे वर्गही तिथे भरत. चित्रकार, वादक, नट आणि नर्तक एकाच जिन्यावर एकमेकांना भेटत. मराठीत त्याच वर्षांत अनियतकालिकांची चळवळ उभी राहत होती. अशोक शहाणे, अरुण कोलटकर आणि त्यांचे मित्र कवितेला छापील सभ्यतेतून बाहेर काढत होते. शहर एकच होते आणि हवाही एकच होती.

भावनगरींनी हुसेनना चित्रपट करायला बोलावले ते या हवेतूनच. हुसेन पंढरपूरचे, मुंबईत सिनेमाचे मोठमोठे फलक रंगवून पोट भरलेले. पडद्याचे वेड त्यांना जुनेच. 1967 साली त्यांनी राजस्थानात 'थ्रू द आइज ऑफ अ पेंटर' हा लघुपट केला. त्याला गोष्ट नाही, निवेदन नाही. एक छत्री, एक कंदील, एक जोडा, एक गाय, आणि त्यांच्या आजूबाजूला किल्ले, गल्ल्या, पाणी भरणाऱ्या बायका, धावणारी मुले. वस्तू आणि माणसे एकमेकांजवळ येतात, दूर जातात, पुन्हा भेटतात. त्यांना एकत्र बांधणारे काम विजय राघव रावांचे संगीत करते. बायकांच्या चालीत, म्हाताऱ्याच्या बसण्यात जी लय आहे ती संगीत आधी ऐकते आणि मग आपल्याला दाखवते. बर्लिनच्या महोत्सवात त्या वर्षी या चित्रपटाला लघुपटासाठीचे सुवर्ण अस्वल मिळाले. सरकारी माहितीपट निवेदकाशिवाय उभा राहू शकतो याचा हा मोठा पुरावा होता, आणि तो परदेशातून आल्यामुळे घरी नाकारणे अवघड होते.

प्रागहून परतलेला माणूस

प्रमोद पती ओडिशाचे. जन्म 1932. अ‍ॅनिमेशन शिकायला ते चेकोस्लोव्हाकियाला गेले आणि प्रागमध्ये यिरी त्रन्का यांच्या हाताखाली राहिले. त्रन्का म्हणजे बाहुलीपटांचा महान कलावंत. त्यांच्या बाहुल्यांचे चेहरे बदलत नाहीत. दुःख असो की आनंद, रंगवलेला चेहरा तोच राहतो. भावना येते ती मानेच्या कलण्यातून, खांद्याच्या पडण्यातून आणि अंगावर पडलेल्या प्रकाशातून. चेहरा आणि शब्द दोन्ही काढून घेतले तरी शरीर पुरेसे बोलते, हा धडा पती तिथून घेऊन आले. मुंबईत डिव्हिजनच्या कार्टून विभागात त्यांनी आधी रीतसर अ‍ॅनिमेशनपट केले. या विभागाची पहिली घडी बसवली होती डिस्नेच्या स्टुडिओतून 1956 साली प्रशिक्षणासाठी आलेल्या क्लेअर वीक्स यांनी. त्यामुळे तिथली शाळा डिस्नेची होती: गोल रेषा, गोड प्राणी, नीटनेटकी गोष्ट. पतींना वेगळे काही खुणावत होते.

त्यांना जिवंत माणूस बाहुलीसारखा हलवायचा होता. या तंत्राला पिक्सिलेशन म्हणतात. नट एका जागी स्तब्ध उभा राहतो, कॅमेरा एक चौकट टिपतो. नट बोटभर सरकतो, पुन्हा एक चौकट. सेकंदाला 24 चौकटी, म्हणजे मिनिटाला 1,440. नट प्रत्येक वेळी उडी मारेल आणि तो हवेत असतानाच कॅमेरा चालेल, तर पडद्यावर तो जमिनीला पाय न लावता तरंगत जातो. 1952 साली मॅकलॅरननी 'नेबर्स' या लघुपटात दोन शेजाऱ्यांना असेच तरंगवले होते. एका फुलावरून सुरू झालेले त्यांचे भांडण दोघांचाही जीव घेऊन संपते. त्या चित्रपटाचा आवाजही त्यांनी फिल्मच्या कडेला ओरखडे काढून तयार केला, आणि त्याला ऑस्कर मिळाले. मॅकलॅरन पुढे युनेस्कोच्या कामासाठी भारतातही येऊन गेले.

महाराष्ट्राला हे तंत्र अगदीच अनोळखी म्हणता येत नाही. 'राजा हरिश्चंद्र' काढण्याआधी दादासाहेब फाळक्यांनी कुंडीतल्या रोपाची वाढ रोज थोडी थोडी टिपून लघुपट केला होता, आणि पुढे 'आगकाड्यांची मौज'मध्ये काड्यापेटीतल्या काड्यांना हलते केले होते. फाळकेही जादूगार होते, भावनगरींसारखेच. एकेक चौकट टिपण्याची ही विद्या आणि जादू यांचे नाते जवळचे आहे, कारण दोन्हींत खरे काम प्रेक्षकाला न दिसणाऱ्या क्षणात होते. निर्जीव वस्तूऐवजी जिवंत माणूस घेतला की कष्ट वाढतात. काडी थकत नाही. माणसाचे गुडघे दुखतात, पापणी लवते, घाम येतो, तोल जातो. म्हणून पिक्सिलेशनमधला नट हा एका अर्थी नर्तकच असतो. त्याला प्रत्येक हालचाल शेकडो तुकड्यांत मोडून आठवावी लागते आणि प्रत्येक तुकड्यात शरीर रोखून धरावे लागते.

1968

त्या वर्षी पतींचे दोन लघुपट आले आणि दोन्ही नवे होते. 'क्लॅक्सप्लोजन' कुटुंबनियोजनावरचा. विषय वरून आलेला, डिव्हिजनने शेकडो वेळा हाताळलेला. पतींनी त्यातून उपदेश काढून टाकला आणि पिक्सिलेशनमधल्या माणसांच्या झटक्यांना आणि आवाजांना पुढे आणले. निवेदकाने सांगून प्रेक्षकाच्या कानावरून जाणारी गोष्ट अंगावर येऊ लागली.

दुसरा 'एक्स्प्लोरर'. सुमारे सात मिनिटांचा, कृष्णधवल. विषय त्या वेळचा भारतीय तरुण, परंपरा आणि विज्ञान यांच्या ओढाताणीत सापडलेला. पण त्याची मांडणी निबंधासारखी नाही. तरुण मुले-मुली बेभान नाचत आहेत. कॅमेरा त्यांच्यावर झेपावतो, मागे हटतो, पुन्हा झेपावतो. मध्येच यंत्रे येतात, धार्मिक चिन्हे येतात, चेहरे येतात, आणि काही प्रतिमा इतक्या क्षणिक असतात की डोळ्याला पुरत्या पकडता येत नाहीत. आपल्याला काय दिसले हे कळायच्या आत पुढचे आलेले असते. अर्थ जुळवण्याची सवय सोडून द्यावी लागते आणि ठोक्यावर भरवसा ठेवावा लागतो.

तो ठोका विजय राघव रावांचा. इथे त्यांनी बासरीची गोडी बाजूला ठेवली. तालवाद्ये, माणसांचे आवाज, यंत्रातून आल्यासारखे वाटणारे तीक्ष्ण ध्वनी यांचा त्यांनी असा गुंता केला की संगीत कुठे संपते आणि गोंगाट कुठे सुरू होतो हे सांगता येऊ नये. तरीही त्यात लय सुटत नाही. चित्राला पार्श्वसंगीत देणे म्हणजे चित्र जे सांगते ते सुरांत पुन्हा सांगणे, ही आपल्याकडची रूढ कल्पना. 'एक्स्प्लोरर'मध्ये कान आणि डोळा एकमेकांना ढकलत पुढे जातात. पडद्यावरचे नाचणारे शरीर, कॅमेऱ्याचे झेपावणे आणि ध्वनीचा आघात या तिन्हींना सारखाच मान आहे. भारतीय पडद्यावर त्याआधी असे काही झाले असेल तर ते 'कल्पना'तच, आणि रावांच्या रूपाने 'कल्पना'चा तो वारसा ध्वनिमुद्रण कक्षात हजर होताच.

त्याच 1968 साली माँट्रियलमध्ये मॅकलॅरननी 'पा द दे' केला. तेरा मिनिटांत दोन बॅले नर्तक, मार्गारेट मर्सियर आणि व्हिन्सेंट वॉरेन. पूर्ण काळी पार्श्वभूमी, अंगावर पांढरे कपडे, प्रकाश फक्त बाजूंनी, त्यामुळे शरीराची कडा तेवढी उजळते. मग ऑप्टिकल प्रिंटरवर तीच हालचाल काही चौकटी मागे ठेवून पुन्हा पुन्हा छापली, एका चौकटीत 11 वेळांपर्यंत. हात उचलला की त्याच्या मागे हातांचा पंखा उलगडतो. एक उडी अनेक उड्या होऊन हवेत रेंगाळते. वर रुमानियाच्या लोकवाद्यांतली पॅनपाइपची सुरावट. मॅकलॅरननी काळ ताणला आणि पतींनी काळ चिरडला. एकाने हालचालीचा माग दाखवला, दुसऱ्याने तिचा धक्का. दोघांनाही नाचाचे चित्रण करण्यात रस नव्हता. जो नाच रंगमंचावर कधीच होऊ शकत नाही तो त्यांना करायचा होता. आणि दोघेही सरकारी नोकर होते. कॅनडाचे फिल्म बोर्ड 1939 साली जॉन ग्रिअर्सन यांच्या विचारातून उभे राहिले होते, आणि माहितीपट हे लोकशिक्षणाचे साधन आहे हा त्यांचा विचार आपल्या फिल्म्स डिव्हिजनच्या पायातही होता. त्या एकाच विचाराच्या घरात दोन खंडांत दोन माणसांनी शिकवण्याचे काम बाजूला सारून इंद्रियांना जागे करण्याचे काम केले.

आबिदची खोली

1970 साली पतींनी 'ट्रिप' केला. चार मिनिटांत मुंबईचा दिवस. गर्दी, वाहने, रस्ते, सगळे वेगाने वाहत जाते आणि जिवंत माणूस शहराच्या या वेगात क्षणभर उमटून पुसला जातो. त्याच वर्षी तय्यब मेहतांचा 'कूडल' आला, तोही डिव्हिजनसाठी. वांद्र्याच्या कत्तलखान्यातला बैल आणि रस्त्यांवरची माणसे यांना त्यांनी शेजारी शेजारी ठेवले. पेडर रोडपासून जवळच, नेपियन सी रोडवर, अकबर पदमसींनी नेहरू फेलोशिपच्या पैशांतून चित्रकार-छायाचित्रकारांसाठी एक कार्यशाळा उघडली होती. तिथे त्यांनी रेषांचा 'सिझिजी' हा मूक लघुपट केला, तिथेच नलिनी मलानींनी चित्रपटाला हात घातला. ती कार्यशाळा फेलोशिपबरोबर संपली. पतींच्या मागे मात्र संस्था होती, कच्ची फिल्म होती, प्रयोगशाळा होती, वाद्यवृंद होता. खासगी उत्साह लवकर विझतो, हे त्या काळात मुंबईने पाहिले.

1972चा 'आबिद' हे पतींच्या कामाचे शिखर आहे. जेमतेम पाच मिनिटांचा, रंगीत. नट म्हणून चित्रकार आबिद सुरती. 'धर्मयुग'मधल्या ढब्बूजीचे जनक, पुढे इंद्रजाल कॉमिक्समधल्या बहादूरचेही, जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकलेले. पतींनी त्यांना एका खोलीत सोडले. चित्रकार खोलीत हलतो तो चालत नाही, घसरतो, उसळतो, दिसेनासा होतो, दुसऱ्याच जागी उगवतो. पॉप कलेचे भडक रंग आणि आकार त्याच्याभोवती पसरत जातात. भिंत हे चित्र होते, खोली हे चित्र होते, आणि शेवटी चित्रकार हाही चित्राचाच एक तुकडा होतो. कलावंतावरचा माहितीपट म्हटले की जन्म कुठे झाला, शिक्षण कुठे झाले, प्रदर्शने किती भरली हे ऐकायची आपल्याला सवय असते. इथे त्यातले काही नाही. रंग लावणाऱ्या माणसाच्या अंगात काय होत असेल, तेवढेच आहे.

संगीत पुन्हा रावांचे. त्यांच्यापुढची अडचण नवी होती. पिक्सिलेशनमधली हालचाल तुटक असते, तिला नैसर्गिक ओघ नसतो. तिला ओघ देतो तो आवाज. प्रत्येक धक्क्यावर ठोका दिला तर चित्र खेळण्यासारखे वाटेल, मुळीच दिला नाही तर ते विस्कटेल. रावांनी काही धक्के उचलले, काही सोडले. तबलजी नर्तकीच्या प्रत्येक पावलावर थाप देत नाही. कुठे द्यायची नाही हे त्याला ठाऊक असते. ते ज्ञान इथे कामी आले. 'आबिद' आवाज बंद करून पाहिला तर तो एक चतुर तंत्रप्रयोग वाटेल. आवाजासह पाहिला की त्यात नाच आहे.

दार बंद होते तेव्हा

जानेवारी 1975 मध्ये कर्करोगाने प्रमोद पतींचे निधन झाले. वय जेमतेम 42. त्याच वर्षी जूनमध्ये आणीबाणी आली. फिल्म्स डिव्हिजनच्या पडद्यावर वीस कलमी कार्यक्रमाचा गजर सुरू झाला आणि निवेदक पूर्वीपेक्षा मोठ्या आवाजात परतला. भावनगरी केव्हाच पॅरिसला गेले होते. शास्त्री 1978 साली गेले. नंतर मणि कौल यांनी डिव्हिजनसाठी 'अरायव्हल' (1980) केला. मुंबईत येऊन पडणारे धान्य, जनावरे आणि मजुरांचे देह त्यांनी निवेदनाशिवाय दाखवले. पण तो एकट्याचा प्रवास होता. एका इमारतीत एकाच वेळी अनेकांनी प्रयोग करावेत, संगीतकाराने दिग्दर्शकाच्या बरोबरीने ते करावेत, ते दिवस परत आले नाहीत.

यात शिकण्यासारखे पुष्कळ आहे. संस्था प्रयोगाला आपोआप जागा देत नाही, आपोआप मारतही नाही. 1965 ते 1972 या काळात नियम तेच होते, लालफीत तीच होती, विषयही वरूनच येत होते. बदलले होते ते एवढेच की निर्णय घेणाऱ्या खुर्चीत काही काळ असा माणूस बसला ज्याला अनोळखी गोष्टीची भीती वाटत नव्हती, आणि कलावंतांनी ती संधी वाया घालवली नाही. त्यांनी अनुदानाची वाट पाहिली नाही, व्यवस्थेविषयी तक्रार करत बसले नाहीत. कुटुंबनियोजनाचा विषय मिळाला तर त्यातूनच नवा चित्रपट काढला.

लोकांच्या स्मृतीतून हे काम जवळजवळ नाहीसे झाले होते. मुंबईचे अभ्यासक अमृत गंगर यांनी त्याविषयी सातत्याने लिहिले आणि ते देशाबाहेर नेऊन दाखवले. 2003 साली शाई हेरेडिया यांनी मुंबईत 'एक्स्पेरिमेंटा' महोत्सव सुरू केला आणि पतींचे चित्रपट नव्या पिढीपुढे आले. 2012 पासून फिल्म्स डिव्हिजननेच 'एफडी झोन' या नावाने आपले जुने चित्रपट दाखवायला सुरुवात केली. मुंबईच्या आंतरराष्ट्रीय लघुपट महोत्सवात प्रमोद पतींच्या नावाने पुरस्कार दिला जातो. 2022 साली फिल्म्स डिव्हिजन राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले आणि ते नाव कामकाजातून उठले.

विजय राघव राव 2011 साली अमेरिकेत वारले. पद्मश्री आणि संगीत नाटक अकादमीचा सन्मान त्यांना मिळाला तो बासरीसाठी. 'एक्स्प्लोरर' आणि 'आबिद'च्या चर्चेत दिग्दर्शकाचे नाव पुढे असते आणि संगीतकाराचे ओझरते येते. ही चूक दुरुस्त व्हायला हवी. या चित्रपटांचे कर्तेपण दोघांचे आहे. मराठी समीक्षेने 1960च्या दशकातल्या मुंबईचा आधुनिकतावाद कवितेत शोधला, चित्रांत शोधला, नाटकात शोधला. पेडर रोडच्या ध्वनिमुद्रण कक्षातही तो शोधला पाहिजे, कारण पलुस्करांच्या शाळेतून, उदयशंकरांच्या संचातून, प्रागच्या बाहुल्यांतून आणि फाळक्यांच्या चौकटीतून आलेले सगळे धागे तिथे एकत्र विणले गेले. महाराष्ट्रातल्या प्रत्येक चित्रपट मंडळाने, प्रत्येक नाट्य आणि नृत्य विभागाने हे चित्रपट मोठ्या पडद्यावर, चांगल्या आवाजात, विद्यार्थ्यांना दाखवावेत. सगळे मिळून अर्ध्या तासाचे काम आहे. जी मुले आज हातातल्या फोनवर नाच टिपतात आणि त्याला संगीत जोडतात, त्यांना कळू द्या की हे काम किती दूरवर नेता येते आणि ते आपल्याच शहरात एकदा नेले गेले आहे.